डावीकडून तिसरा

वकिलातीकडून रिळांचे सात डबे आले होते.
माटुंग्याच्या शाळेचं सभागृह, पंखे बंद,
कारण प्रोजेक्टर आणि पंखे एकाच फ्यूजवर.
मी दाराशी तिकिटं फाडत होतो.
चेंदवणकर आले, लेंगा, वर लग्नातला कोट.
सभासद नव्हते. म्हणाले,
"तलवारीचं आहे ना? मग माझंच आहे."
मी सोडलं.

भिकाजी चेंदवणकर, मुगभाट.
पोशाखी चित्रपटांत एकवीस वर्षं मेले.
एकदा तर एकाच लढाईत
सकाळी किल्ल्याच्या आतून मेले,
दुपारी दाढी चिकटवून बाहेरून.
उभ्याने मरण पंधरा रुपये,
घोड्यावरून पंचवीस,
जिन्यावरून गडगडत आलं तर वर जेवण.
पाटीवर नाव नाही. "आणि इतर" असं यायचं,
त्यातले ते इतर.

वाडीतली पोरं जिन्यात अडवायची:
काका, मरून दाखवा!
आणि भाजीची पिशवी कठड्याला टेकवून
ते मरायचे,
कोथिंबिरीची काडी न सांडता.

पहिल्या दिवशी पडद्यावर
कमरेइतकं गवत, वारा, नायक एकटा,
समोर नऊ जण.
सगळे नायकाकडे बघत होते.
चेंदवणकर डावीकडून तिसऱ्याकडे.
तो धावत आला, पोटात वार घेतला,
आणि पडण्याआधी
अर्धी गिरकी, पाठीची उलटी कमान,
तोंड बरोब्बर आपल्याकडे.

"चोर!" चेंदवणकर अंधारात ओरडले.
पुढच्या रांगेतल्या प्राध्यापकांची मान वळली.
"वार पोटात आहे. फिरायचं काही कारणच नाही.
ही गिरकी त्याला कुणी सांगितलेली नाही.
तोंड दाखवतोय लेकाचा!
मी हेच करायचो.
आणि कापणारा नेमकं हेच कापायचा."

मंगळवारी तो डोक्यावर टोपली घालून आला,
हनुवटीपर्यंत झाकलेला.
चेंदवणकरांनी पावलांवरून ओळखला.
गुरुवारी जुगाराच्या अड्ड्यावरचा गुंड.
शनिवारी केस पिकलेले,
आणि वार पोचायच्या आधीच
गुडघा मोडून खाली बसला.
सहा दिवसांत माणूस तीस वर्षांनी म्हातारा झाला.
त्या रात्री चेंदवणकर काही बोलले नाहीत,
आपला उजवा गुडघा चोळत राहिले.

शेवटी नावं आली, उभी,
दारावरच्या माळांसारखी वरून खाली सुटलेली.
"यातला तो कुठला?"
मला काय कळणार?
वकिलातीला पत्र टाकलं:
नऊ जणांतील तिसऱ्याचे नाव कृपया कळवावे.
दीड महिन्याने उत्तर आलं.
आपल्या आस्थेबद्दल आभार,
सोबत एक कॅलेंडर, बाराही महिने एकच डोंगर.
चेंदवणकरांनी ते घरी नेलं.
"यावरूनही पडला असेल तो," म्हणाले.

मग एक पोस्टकार्ड आणून दिलं,
मी पत्ता घालायचा म्हणून.
पेन्सिलीने, मराठीत:

स. न. वि. वि.
तुमचं काम पाहिलं. चारही मरणं पाहिली.
दुसरं उत्तम, तोंड झाकलेलं असूनही
गिरकी सोडली नाहीत.
चौथ्यात तुम्ही आधी बसलात.
लोकांना वाटेल वार उशिरा आला.
मला माहीत आहे.
आमच्याकडे एरंडेल कोमट करून लावतात,
रात्री, वर जुनं धोतर गुंडाळून.
जिना उतरताना दुखरा पाय आधी टाकावा.
कळावे,
भि. रा. चेंदवणकर (इतर)

दर महिन्याला विचारायचे, "काही आलं?"
लांबचं टपाल आहे, मी म्हणायचो.
कार्ड माझ्या खणात, तिकिटांच्या अर्धुकांखाली.
पंधरा पैशांचं कार्ड देशाबाहेर जात नाही,
हे त्यांनी विचारलं नाही
आणि मी सांगितलं नाही.